पाच सॉव्हरिनचा खेळाडू

‘धंदेवाईक’ हा शब्द आपल्याकडे फारशा सन्मानाने उच्चारला जात नाही. धंदेवाईक गवई, धंदेवाईक वक्ता, धंदेवाईक खेळाडू असे म्हणताना बोलणाराचे नाक किंचित मुरडलेले असते. जे प्रेमाने करावयाचे ते ह्या मनुष्याने पैशासाठी केले, असा आरोप त्या शब्दात गर्भित असतो. मी स्वतः विद्यार्थी असताना, आणि पुढे शाळेत शिकवू लागल्यावरही, हा आरोप खरा धरूनच चाललो होतो. खेळ हा खेळासाठीच खेळावा, हे वाक्य मी मुलांस फळ्यावर कित्येकदा लिहून दिले असेल. परंतु एका इंग्रज खेळाडूची हकीकत वाचनात आली आणि हे वाक्य लिहिण्याचा अधिकार नेमका कोणास पोचतो, असा प्रश्न माझा मलाच पडला. त्या खेळाडूचे नाव हॅरल्ड वॅगस्टाफ. आज त्याचीच हकीकत आपणापुढे सांगावयाची आहे.

इंग्लंडच्या उत्तरेस यॉर्कशायर नावाचा विस्तीर्ण परगणा आहे. त्याच्या डोंगराळ भागात होल्म नदीच्या खोऱ्यात होल्मफर्थ हे गाव वसलेले आहे. लोकरीच्या गिरण्या हे त्या काळी त्या खोऱ्याचे जीवन होते. ह्याच होल्मफर्थच्या अंडरबँक नावाच्या वस्तीत १९ मे १८९१ रोजी वॅगस्टाफचा जन्म झाला. तेथून काही मैलांवर हडर्सफील्ड हे गिरण्यांचे मोठे शहर. हे शहर आपल्या कथेत वारंवार यावयाचे आहे, म्हणून श्रोत्यांनी त्याचे नाव ध्यानात ठेवावे.

वॅगस्टाफ जो खेळ खेळला तो रग्बी. आपल्याकडे हा खेळ फारसा प्रचारात नाही, म्हणून दोन शब्द सांगतो. चेंडू वाटोळा नसून अंड्याच्या आकाराचा असतो. तो हातात घेऊन धावावयाचे आणि प्रतिपक्षाच्या शेवटच्या रेषेपलीकडे नेऊन जमिनीस टेकवावयाचा. ह्यास ‘ट्राय’ म्हणतात. चेंडू साथीदाराकडे फेकता येतो, परंतु तो पुढे फेकण्यास मज्जाव. बाजूस किंवा मागेच फेकला पाहिजे. चेंडू घेऊन धावणारास प्रतिपक्षाने कवळ घालून खाली पाडावयाचे. हुतूतूत चढाई करून आलेल्या गड्यास धरतात, तशीच ही धरपकड. मात्र ती पूर्ण वेगात धावत्या माणसाची असते आणि त्यात हाडे मोडण्याचा प्रसंग नेहमीच संभवतो. चेंडू उभ्या खांबांच्या मधून, आडव्या दांडीवरून लाथाडला म्हणजे गोल होतो. वॅगस्टाफच्या काळी ट्रायचे तीन गुण व गोलाचे दोन गुण मिळत.

हा खेळ जन्मला श्रीमंतांच्या निवासी शाळांत. १८७१ साली लंडनमध्ये रग्बी फुटबॉल युनियन ही संस्था निघाली, ती त्या शाळांतून बाहेर पडलेल्या सुखवस्तु गृहस्थांची. परंतु थोड्याच वर्षांत हा खेळ उत्तरेकडील गिरण्यांच्या व कोळशाच्या खाणींच्या गावांत जाऊन पोचला आणि तेथील कष्टकरी लोकांनी तो अक्षरशः उचलून धरला. कारखान्यांच्या कायद्याने गिरणीच्या मजुरास शनिवारी दुपारनंतर सुट्टी मिळू लागली होती. त्या अर्ध्या दिवसाच्या सुट्टीत गावेच्या गावे मैदानावर लोटू लागली. प्रेक्षकांकडून प्रवेशाचे पैसे घेतले जाऊ लागले आणि क्लबांच्या तिजोऱ्या भरू लागल्या.

येथेच एक अडचण उत्पन्न झाली. सामना परगावी असला म्हणजे खेळाडूस शनिवारी सकाळीच निघावे लागे. म्हणजे त्या सकाळच्या कामाची मजुरी बुडे. वकील, डॉक्टर किंवा जमीनदाराच्या चिरंजीवास ह्याची क्षिती नव्हती. परंतु ज्याचे घर आठवड्याच्या मजुरीवर चालते, त्याच्या घरी बुडालेली सकाळ थेट चुलीपर्यंत जाऊन पोचते. शिवाय मैदानावर हात मोडला, तर पुढील कित्येक आठवड्यांची कमाई गेली. म्हणून उत्तरेकडील क्लबांचे म्हणणे असे पडले की, खेळाडूस पगार नको, बक्षीस नको. परंतु खेळापायी त्याची जी मजुरी बुडते, तेवढी भरून देण्याची परवानगी असावी. ह्यास ते ‘मोडलेल्या वेळेची भरपाई’ म्हणत.

२० सप्टेंबर १८९३ रोजी लंडन येथे युनियनची सर्वसाधारण सभा भरली. यॉर्कशायरच्या प्रतिनिधींनी वरील सूचना मांडली. तिच्या बाजूने १३६ मते पडली, विरुद्ध २८२. विरोध करणारांचे म्हणणे थोडक्यात असे होते की, आज बुडालेली मजुरी दिली तर उद्या पगार द्यावा लागेल, आणि पगार आला की खेळाचे पावित्र्य गेले. ज्यास खेळण्यास लागणारी फुरसत परवडत नाही, त्याने खेळू नये, असे उघड म्हणणारेही त्यांत होते. हे म्हणणारे लोक दुष्ट नव्हते. खेळावर त्यांचे खरोखरच प्रेम होते. परंतु आपल्या प्रेमास वडिलार्जित उत्पन्नाचा टेकू आहे, एवढी एकच गोष्ट त्यांच्या ध्यानात येत नव्हती.

दोन वर्षे धुसफूस चालली. अखेर २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्ड येथील जॉर्ज हॉटेलात उत्तरेकडील क्लबांचे प्रतिनिधी जमले आणि त्यांनी जुन्या युनियनचा राजीनामा देऊन ‘नॉर्दर्न युनियन’ ही नवी संस्था स्थापन केली. पहिल्याच हंगामात तिच्यात २२ क्लब होते. बुडालेल्या मजुरीबद्दल दिवसास सहा शिलिंगांपर्यंत भरपाई देण्यास मुभा मिळाली. सहा शिलिंग! एवढ्या रकमेवरून एका राष्ट्राच्या आवडत्या खेळाचे दोन तुकडे झाले. जुन्या युनियनने ह्या लोकांस जणू वाळीत टाकले. जो कोणी नॉर्दर्न युनियनच्या सामन्यात खेळेल, त्यास जुन्या खेळाचे दार कायमचे बंद झाले. वाळीत टाकण्याची शिक्षा काय असते, हे आपल्या समाजात कोणास समजावून सांगावयास नको.

पुढे १८९८ साली नॉर्दर्न युनियनने पगारासही परवानगी दिली. परंतु तीही कचरत कचरत. खेळाडूने पैसे घ्यावे, मात्र त्याचा दुसरा प्रामाणिक उद्योग असलाच पाहिजे, अशी अट घातली. बिलियर्ड्सच्या टेबलाशी गुण मोजणारा मार्कर किंवा मद्यगृहातील वाढपी ह्यांचे काम प्रामाणिक उद्योगात गणले जात नसे! ज्यांनी स्वतः बंड केले त्यांच्याही मनातून ‘धंदेवाईक’ ह्या शब्दाची धास्ती गेली नव्हती, हे ह्या नियमावरून दिसते. ही अट १९०५ साली सुटली. लगेच १९०६ साली ह्या संस्थेने खेळाचेच रूप पालटले. संघातील गड्यांची संख्या पंधरावरून तेरावर आणली, त्यामुळे मैदान मोकळे झाले आणि खेळास वेग आला. उत्तरेचा खेळ आता खऱ्या अर्थाने स्वतंत्र झाला. आज त्यास रग्बी लीग म्हणतात. संस्थेस ते नाव १९२२ साली मिळाले.

तेरा गड्यांच्या ह्या पहिल्याच हंगामात हडर्सफील्डच्या क्लबाची नजर होल्मफर्थच्या एका पोरावर पडली. हा पोर अंडरबँक रेंजर्स ह्या गावच्या हौशी संघातून खेळत असे. वय वर्षे पंधरा. क्लबाने त्यास पाच सुवर्ण सॉव्हरिन देऊन आपल्याकडे घेतले. सॉव्हरिन म्हणजे एक पौंडाचे नाणे. पाच पौंडांच्या नाण्यांनी पोराची मूठदेखील भरली नसेल. परंतु त्या पाच नाण्यांनी त्याच्या कपाळी ‘धंदेवाईक’ हा शिक्का कायमचा बसला. १० नोव्हेंबर १९०६ रोजी ब्रॅम्ली संघाविरुद्ध वॅगस्टाफ आपला पहिला धंदेवाईक सामना खेळला. त्या दिवशी त्याचे वय पंधरा वर्षे व १७५ दिवस होते. आपल्याकडे ह्या वयाचा मुलगा मॅट्रिकच्या वर्गात जाण्याची वाट पाहत असतो.

मुलगा असामान्य होता. १९०८ साली, वयाच्या सतराव्या वर्षी, तो यॉर्कशायर परगण्याकडून खेळला. २ जानेवारी १९०९ रोजी ऑस्ट्रेलियाच्या पाहुण्या संघाविरुद्ध इंग्लंडकडून उतरला, तेव्हा त्यास अठरा पुरी व्हावयास साडेचार महिने अवकाश होता. विशीच्या उंबरठ्यावर तो हडर्सफील्डचा कप्तान झाला. मैदानात त्याची जागा मध्यभागी, ‘सेंटर’ची. लोक त्यास ‘सेंटरांचा राजपुत्र’ म्हणू लागले. तो केवळ स्वतः धावणारा खेळाडू नव्हता. दुसऱ्यास वाट करून देण्यात त्याचे खरे कसब होते. चेंडू लाथाडून दूर घालविण्याची तत्कालीन रीत त्यास मान्य नव्हती. चेंडू आपल्या हाती आहे तोवर प्रतिपक्षास गुण मिळविता येत नाहीत, मग तो आपण होऊन का द्यावा, असा त्याचा साधा हिशेब होता. प्रतिपक्षाचे लक्ष आपल्याकडे ओढून घ्यावयाचे, तो अंगावर आला की ऐन क्षणी चेंडू बाजूच्या साथीदाराच्या हाती द्यावयाचा, आणि साथीदारांनी अशा जागा धरून धावावयाचे की प्रतिपक्षाची वाट आपोआप अडावी. ह्या रीतीस लोकांनी थट्टेने ‘शास्त्रीय अडवणूक’ असे नाव दिले होते.

हडर्सफील्डच्या त्या संघात निरनिराळ्या देशांचे मोहरे होते. ऑस्ट्रेलियाहून आलेला अल्बर्ट रोझेनफेल्ड कडेने वाऱ्यासारखा धावे. त्याने १९१३-१४ च्या एका हंगामात ८० ट्राय केले आणि तो विक्रम अद्यापि कोणी मोडलेला नाही. वेल्सचा बेन ग्रोनाउ लाथेचा अचूक. न्यूझीलंडचा एडगर रिग्ली अंगापिंडाने दांडगा. कंबरलंडचा डग्लस क्लार्क कोळशाचा व्यापार करी आणि कुस्तीतही पट्टीचा पैलवान होता. ‘सर्व गुणांचा संघ’ असे ह्या संघाचे नाव पडले, आणि त्याचा कप्तान होता तो होल्मफर्थचा पाच सॉव्हरिनचा पोर.

आता वॅगस्टाफच्या आयुष्यातील मुख्य प्रसंगाकडे वळू. १९१४ च्या उन्हाळ्यात नॉर्दर्न युनियनचा संघ ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर गेला. कप्तान वॅगस्टाफ, वय तेवीस. संघाचे व्यवस्थापक जॉन क्लिफर्ड हे हडर्सफील्डचेच गृहस्थ होते. पहिला कसोटी सामना २७ जून रोजी सिडनी येथे झाला. तो इंग्रजांनी २३ विरुद्ध ५ असा जिंकला. मधला केवळ एक रविवार सोडून २९ जून रोजी दुसरा सामना ठेवलेला होता. तो ऑस्ट्रेलियाने १२ विरुद्ध ७ असा जिंकला. दोन दिवसांआड झालेल्या ह्या दोन झुंजींत पाहुण्यांचे अनेक मोहरे जायबंदी झाले. तिसरा सामना वास्तविक पुढे ऑगस्टमध्ये मेलबर्न येथे व्हावयाचा होता. परंतु बरोबरी झालेली पाहून ऑस्ट्रेलियन चालकांनी ठरविले की, निर्णायक सामना सिडनीसच आणि तोही येत्या शनिवारी, ४ जुलै रोजी खेळावा. सिडनीत गर्दी जमे, आणि गर्दी म्हणजे तिकिटांचे उत्पन्न, हे उघडच आहे.

क्लिफर्ड यांनी ह्यास हरकत घेतली. आठ दिवसांत तीन कसोटी सामने, आणि त्यांतील तिसरा जखमी माणसांनिशी खेळावयाचा, हे अन्यायाचे आहे असे त्यांचे म्हणणे. तेव्हा ऑस्ट्रेलियन चालकांनी थेट इंग्लंडला तार केली. उत्तर आले ते खेळण्याच्या हुकुमाचे. नेल्सनने १८०५ साली ट्रॅफल्गारच्या लढाईपूर्वी आपल्या आरमारास कर्तव्याचे जे स्मरण दिले होते, तेच ह्या तारेने खेळाडूंस करून दिले. बारा हजार मैलांवरील कचेरीत बसून दुसऱ्याच्या मोडक्या हाडांस कर्तव्याची आठवण देणे फारसे कठीण नसते. श्रोतेहो, येथे एक गोष्ट नमूद केली पाहिजे. मजुराची बुडती मजुरी भरून देण्यासाठी जी संस्था एकोणीस वर्षांपूर्वी जन्मास आली, तीच आता मजुराचा मालक बनून बोलत होती. पैसा आला की हे संकट येते. जुन्या युनियनची भीती अगदीच निराधार नव्हती; मात्र दोष तिने चुकीच्या माणसावर ठेवला होता. बाजार मांडला तो खेळाडूने नव्हे.

सामन्याच्या दिवशी क्लिफर्ड यांनी निवडलेल्या तेरा जणांस एकत्र बोलाविले आणि आपणांवर झालेला अन्याय व त्यास द्यावयाचे उत्तर ह्यांविषयी चार शब्द सांगितले. वॅगस्टाफने पुढे आपल्या आठवणींत लिहिले आहे की, त्या शब्दांनी सर्वांची मने हेलावून गेली आणि ओठ घट्ट मिटून ते बाहेर पडले.

सामना सुरू झाला आणि आरंभीच फ्रँक विल्यम्स ह्या कडेच्या गड्याचा पाय दुखावला. तरीही इंग्रजांनी जोर केला. विली डेव्हिसने ट्राय केला, आल्फ वुडने तीन गोल साधले, आणि मध्यंतरास गुण ९ विरुद्ध ० झाले. परंतु तोवर डग्लस क्लार्कचा अंगठा मोडला होता. तो बांधून तो खेळत राहिला. पुढे एका धडकेत त्याचे हासळीचे हाड मोडले. त्या काळी बदली खेळाडू घेण्याची सोय नव्हती. जो गेला तो गेला, उरलेल्यांनी भागवावयाचे. क्लार्कने खांदा आवळून बांधवून घेतला आणि पुन्हा मैदानात येण्याचा यत्न केला. परंतु ते अशक्य झाले, आणि तो पैलवान गडी डोळ्यांत पाणी आणून बाहेर गेला. विल्यम्सचा पायही निकामी झाला. उत्तरार्धात बिली हॉलच्या डोक्यास मार बसून त्याचे भान हरपले व त्यासही बाहेर न्यावे लागले. तेरांचे दहा उरले. समोर ऑस्ट्रेलियाचे तेरा, ताजेतवाने, घरच्या मैदानावर.

ह्या दहा जणांनी उत्तरार्धातील पुष्कळ वेळ तेरांस थोपवून धरले. एकजण पडला की दुसरा उठून धावे. तो पडला की पहिला उठलेला असे. आणि थोपवून धरले इतकेच नव्हे. वॅगस्टाफने एकदा फट हेरली, तो चेंडू घेऊन प्रतिपक्षाची फळी फोडून निघाला, शेवटच्या रक्षकास आपल्याकडे ओढले आणि चेंडू दिला कडेच्या चिक जॉन्सनकडे. हा जॉन्सन वास्तविक पुढल्या फळीतील जड अंगाचा गडी. माणसे कमी पडली म्हणून त्यास कडेस उभे केलेले. धावण्यात आपण मागे पडू हे ओळखून त्याने चेंडू खाली टाकला आणि पायानेच हळूहळू ढकलत, आपला तोल व चेंडूचा विचित्र आकार दोन्ही सांभाळत, थेट रेषेपलीकडे नेला. वुडने त्यावर गोल चढविला. १४ विरुद्ध ०! मग ऑस्ट्रेलियाने दोन ट्राय केले, परंतु तेवढेच. सामना १४ विरुद्ध ६ असा संपला.

ह्या सामन्यास पुढे ‘रोर्क्स ड्रिफ्टची कसोटी’ असे नाव पडले. दक्षिण आफ्रिकेत रोर्क्स ड्रिफ्ट येथे जानेवारी १८७९ मध्ये सुमारे दीडशे ब्रिटिश शिपायांनी हजारो झुलू योद्ध्यांस रात्रभर थोपविले होते, त्यावरून हे नाव. आपल्या दृष्टीने पाहता ही उपमा मला पुरती पटत नाही. झुलू लोक आपल्याच देशाच्या रक्षणासाठी लढत होते, आणि त्यांच्यावर चालून जाणारे परके होते. ती लढाई साम्राज्याची होती. सिडनीच्या मैदानावरील झुंज निराळी. तेथे कोणी कोणाची भूमी बळकावीत नव्हते. दहा मजूर गडी आपली अब्रू राखीत होते, आणि ती त्यांची स्वतःची होती.

महिन्याभरातच, ४ ऑगस्ट १९१४ रोजी, ब्रिटनने जर्मनीविरुद्ध युद्ध पुकारले. तरीही १९१४-१५ चा हंगाम पार पडला आणि वॅगस्टाफच्या हडर्सफील्डने त्यात चारही मानचिन्हे पटकावली. चषकाच्या अंतिम सामन्यात त्यांनी सेंट हेलेन्सचा ३७ विरुद्ध ३ असा फडशा पाडला. ह्या सामन्याची एक बाजू विजेत्यांच्या गौरवात झाकून जाते. सेंट हेलेन्सच्या चालकांनी आपल्या खेळाडूंस विजयाचे बक्षीस देण्याचे नाकारले होते. खेळाडू मैदानात उतरावयास तयार नव्हते. त्यांच्या कप्तानाने कशीबशी समजूत घातली तेव्हा ते उतरले. मन मोडलेल्या संघाचे जे व्हावयाचे तेच झाले.

युद्धाने पुष्कळ गडी ओढून नेले. फ्रेड लाँगस्टाफ, वॉल्टर रोमन, बिली जार्मन हे १९१४ च्या दौऱ्यातील वॅगस्टाफचे तीन साथीदार १९१६ साली युद्धात कामास आले. क्लार्कने आघाडीवरील शौर्याबद्दल मिलिटरी मेडल मिळविले. वॅगस्टाफ, क्लार्क, ग्रोनाउ व रोझेनफेल्ड हे लष्कराच्या मोटारवाहतूक विभागात भरती झाले होते. लंडनजवळ ग्रोव्ह पार्क येथे त्यांचा तळ होता. आता मोठी मौज झाली. लष्करातील खेळापुरती जुन्या युनियनने आपली बंदी उठविली, आणि हे वाळीत टाकलेले गडी पंधरांच्या जुन्या खेळात उतरले. त्यांनी समोर आलेल्या बहुतेक सर्व संघांस धूळ चारली. चिखलातल्या खंदकांत हौशी व धंदेवाईक असा भेद उरला नव्हता. तेथे दोघांच्याही रक्ताचा रंग एकच ठरला होता. परंतु युद्ध संपले आणि बंदी पुन्हा पूर्ववत झाली. जीव देण्यास जो चालतो, तो चेंडू फेकण्यास चालत नाही, असा हा न्याय होता.

१९१९-२० च्या हंगामात हडर्सफील्ड पुन्हा चारही मानचिन्हांच्या जवळ येऊन पोचले. परंतु शेवटच्या सामन्याच्या वेळी वॅगस्टाफसह पाच मोहरे ऑस्ट्रेलियाच्या दौऱ्यावर निघून गेले होते, आणि उरलेला संघ हल क्लबाकडून अवघ्या एका गुणाने हरला. त्या १९२० च्या दौऱ्यातही वॅगस्टाफच कप्तान होता. ह्या खेपेस मालिका ऑस्ट्रेलियाने जिंकली. १९२५ पर्यंत तो हडर्सफील्डकडून खेळत राहिला. ४३६ सामने आणि १७५ ट्राय, असा त्याचा त्या क्लबाकडील हिशेब आहे. एकोणीस वर्षे एकच क्लब! ज्यास पैशाचाच लोभ, तो इतकी वर्षे एका दारी कशास राहील?

खेळ सुटल्यावर तो श्रीमंत झाला नाही. हडर्सफील्डमध्ये एक मद्यगृह चालवून त्याने उदरनिर्वाह केला. १९ जुलै १९३९ रोजी, वयाच्या अवघ्या अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, तो वारला. जेथून निघाला त्या होल्मफर्थ गावातच त्यास मूठमाती मिळाली. १९८८ साली रग्बी लीगच्या थोर खेळाडूंची मालिका प्रस्थापित झाली, तेव्हा पहिल्या नऊ नावांत त्याचे नाव होते. १९९५ साली नॉर्दर्न युनियनला शंभर वर्षे झाली, त्या निमित्ताने ब्रिटिश टपालखात्याने काढलेल्या तिकिटांपैकी एकावर त्याची छबी झळकली.

त्याच १९९५ सालची दुसरी एक गोष्ट सांगून आटोपतो. त्या वर्षीच्या ऑगस्ट महिन्यात पॅरिस येथे जुन्या रग्बीच्या आंतरराष्ट्रीय मंडळाची सभा भरली आणि खेळाडूस खुशाल पैसे द्यावे, असा निर्णय जाहीर झाला. जॉर्ज हॉटेलातील सभेस तेव्हा बरोबर शंभर वर्षे होत होती. सहा शिलिंगांचा वाद मिटावयास एक शतक लागले. त्या शतकात ज्यांस वाळीत टाकले, त्यांतील पुष्कळजण मात्र क्षमेचे शब्द ऐकण्यास हयात नव्हते.

मी आयुष्यभर मास्तरकी केली आणि दर महिन्यास पगार घेतला. पगार घेता म्हणून तुमचे विद्येवर प्रेम नाही, असे मला कोणी कधी म्हटले नाही. म्हटले असते तर मला ते लागले असते. मग मैदानावर हाड मोडून घेणाऱ्या मजुरास आपण तसे का म्हणावे? सिडनीच्या सामन्याचे जे काही पैसे क्लार्कला मिळावयाचे होते, ते अंगठा मोडून बाहेर बसला असता तरी मिळालेच असते. खांदा बांधून तो पुन्हा मैदानात आला, तो पैशासाठी नव्हे. पैसा मनुष्यास मैदानापर्यंत आणून सोडतो. तेथे उभे राहण्याचे बळ तो देऊ शकत नाही, आणि असलेले बळ हिरावूनही घेऊ शकत नाही. ते ज्याचे त्याच्यापाशी असते.

खेळ खेळासाठीच खेळावा, हे वाक्य मला आजही खोटे वाटत नाही. परंतु आता ते फळ्यावर लिहावयाचे झाले, तर त्याच्या खाली मी आणखी एक ओळ लिहीन: ज्याची आजची मजुरी बुडत नाही, त्याने हे वाक्य दुसऱ्यास सांगण्यापूर्वी क्षणभर थांबावे.